शंकर पाटलांचा सिनेमा रद्दीत जाऊ देऊ नका

कोल्हापूर, इचलकरंजी, गडहिंग्लज, निपाणी या पट्ट्यात ज्यांच्या घरातलं कुणीतरी एकेकाळी ‘सिनेमात होतं’, त्यांना ही विनंती आधी. वडील असतील, आजोबा असतील, चुलते असतील. कुणी सहायक दिग्दर्शक, कुणी मेकअप करणारं, कुणी निर्मात्याच्या कचेरीत हिशेब लिहिणारं. त्यांची पत्र्याची ट्रंक माळ्यावर पडून असेल, तर ती उघडून बघितल्याशिवाय रद्दीवाल्याच्या तराजूत चढवू नका. त्या ट्रंकेत शंकर पाटलांच्या हातचं काही निघू शकतं.

२०२६ हे शंकर पाटलांच्या जन्मशताब्दीचं वर्ष. ८ ऑगस्ट १९२६ला हातकणंगले तालुक्यातल्या पट्टणकोडोलीत ते जन्मले. विठ्ठल-बिरदेवाच्या यात्रेत भंडाऱ्यानं पिवळं होणारं हे गाव. १९९४मध्ये ते गेले. मधल्या काळात त्यांनी ‘वळीव’, ‘धिंड’, ‘ऊन’, ‘खुळ्याची चावडी’ असे कथासंग्रह दिले, १९६४मध्ये ‘टारफुला’सारखी कादंबरी दिली, द. मा. मिरासदार आणि व्यंकटेश माडगूळकर यांच्याबरोबर गावोगाव कथाकथन केलं, १९८५मध्ये नांदेडच्या साहित्य संमेलनाचं अध्यक्षपद भूषवलं. शताब्दीच्या निमित्तानं त्यांच्या कथांचं वाचन होईल, परिसंवाद होतील, विशेषांक निघतील. ते व्हायलाच हवं.

पण या लेखकाचा दुसरा एक संसार होता आणि त्याची आठवण फार थोड्यांना आहे. शंकर पाटील सिनेमाचे लेखक होते. ‘युगे युगे मी वाट पाहिली’, ‘गणगौळण’, ‘भोळीभाबडी’, ‘पिंजरा’ ही त्यांची लेखणी लागलेली नावं. कुठं कथा, कुठं पटकथा, कुठं संवाद. कथा पुस्तकात छापली गेली म्हणून टिकली. सिनेमासाठी लिहिलेलं पान छापखान्यात जात नाही. ते स्टुडिओत जातं, हाताळलं जातं, फाटतं आणि चित्रीकरण संपलं की कुणालाच नको असतं. एकाच माणसानं, एकाच हातानं लिहिलेली ही दोन कामं. एक अभ्यासक्रमात आहे आणि दुसऱ्याचं नाव श्रेयनामावलीत दोन सेकंद दिसतं.

‘पिंजरा’च घ्या. १९७२चा चित्रपट. दिग्दर्शक व्ही. शांताराम मूळचे कोल्हापूरचे. पटकथाकार अनंत माने कोल्हापूरचे. गीतकार जगदीश खेबुडकर आपलेच. संगीतकार राम कदम शेजारच्या मिरजेचे. संवाद शंकर पाटलांचे. गाणी आजही प्रत्येक लग्नाच्या वरातीत वाजतात, डॉ. श्रीराम लागूंचा मास्तर आणि निळू फुलेंचा फडावरचा माणूस घराघरात ठाऊक आहे. संवाद कुणाचे, हे विचारलं तर मात्र चांगले जाणकारही थांबतात. या गोष्टीचं मूळ जर्मन आहे. हाइनरिश मान यांची १९०५मधली कादंबरी, तिच्यावरून १९३०मध्ये निघालेला ‘द ब्ल्यू एंजल’ हा चित्रपट, आणि त्यातला शिस्तीचा करडा शिक्षक. तो शिक्षक आपल्याकडं आला तेव्हा तो परका आहे असं महाराष्ट्रात कुणालाही वाटलं नाही. त्याचं मोठं कारण तो बोलतो ती भाषा. गावच्या मास्तराचं बोलणं, तमासगिरांचं बोलणं आणि गावातल्या पुढाऱ्याचं बोलणं, ही तीन वेगवेगळी मराठी त्या चित्रपटात एकमेकींवर आदळतात. हे काम संवादलेखकाचं असतं.

‘पिंजरा’ शोकांतिका आहे हे मला मान्य आहे. पाटलांचा खरा हातखंडा विनोदाचा. ‘कथा अकलेच्या कांद्याची’ आणि ‘लवंगी मिरची कोल्हापूरची’ ही त्यांची वगनाट्यं. ‘कथा अकलेच्या कांद्याची’मधून निळू फुले लोकांपुढं आले आणि १९६८मध्ये अनंत माने यांच्या ‘एक गाव बारा भानगडी’तून पडद्यावर गेले. मराठी सिनेमाला त्याचा सर्वात मोठा खलनायक मिळाला तो असा विनोदाच्या दारानं, आणि ते दार पट्टणकोडोलीच्या माणसानं उघडलं होतं.

त्यांच्या विनोदाचं वेगळेपण कशात आहे, हे सांगितल्याशिवाय ते वाचवा म्हणण्यात अर्थ नाही. कोल्हापूरच्या सिनेमात विनोद त्यांच्या आधीपासून होता. १९३६मध्ये इथं हंस पिक्चर्स उभी राहिली, मास्टर विनायकांनी आचार्य अत्र्यांच्या लेखणीवर १९३८मध्ये ‘ब्रह्मचारी’ काढला आणि ब्रह्मचर्याच्या आणाभाकांची भर थिएटरात रेवडी उडवली. पण तो शहरी, शिकलेल्या माणसाचा विनोद. पुढं तमाशापटांची लाट आली, पडद्यावर गाव आलं, आणि गावाबरोबर एक खोटी ग्रामीण भाषाही आली. पुण्या-मुंबईचं वाक्य घ्यायचं आणि त्यात ‘हाय’, ‘न्हाई’, ‘नगं’ पेरायचं. “मला तुमचं म्हणणं पटत नाही” याचं “मला तुमचं म्हननं पटत न्हाई” केलं की झाला शेतकरी तयार.

आपल्या गावातला माणूस असं कधी बोलतो का? त्याला पटलेलं नसलं तर तो आधी मान डोलावतो. “तसं बरुबरच हाय म्हणा तुमचं,” म्हणतो, तंबाखू झटकतो, उठतो, आणि जाता जाता “बघू की!” एवढं टाकतो. त्या ‘बघू की’मध्ये नकार असतो, राग असतो, समोरच्याचा मानही राखलेला असतो. शंकर पाटलांना ही वाक्यरचनाच मुळातून येत होती. त्यांची माणसं विनोद करायला तोंड उघडत नाहीत. ती आपापलं काम साधायला बोलतात, आणि हसू ऐकणाऱ्याला येतं. हा माणूस नोकरीनं पाठ्यपुस्तक मंडळाचा मराठीचा विशेषाधिकारी होता. दिवसभर मुलांच्या पुस्तकातलं प्रमाण मराठी तपासायचं आणि लिहायला बसलं की पंचगंगेकाठची बोली जशीच्या तशी उतरवायची. त्याआधी काही काळ आकाशवाणीच्या पुणे केंद्रावर नोकरी केलेली. कान असा तयार झालेला लेखक सिनेमासाठी लिहितो तेव्हा त्याचं पान हा आपल्या बोलीचा दस्तऐवज असतो.

आणि विनोदी चित्रपटाची लेखी संहिता शोकपटाच्या संहितेपेक्षाही जास्त मोलाची असते. वगातली बतावणी रंगमंचावर वाढते. नट प्रयोगागणिक भर घालतो, गावाचं नाव बदलतो, समोर बसलेल्या पाटलाला चिमटा काढतो. त्या परंपरेतले नट कॅमेऱ्यापुढं आले तेव्हा हीच सवय घेऊन आले. मग पडद्यावर दिसतं त्यातलं लेखकाचं किती आणि नटाचं किती? याचं उत्तर फक्त लिहिलेल्या पानावर मिळतं. असं पान कधी हाती आलं तर नीट बघा. डाव्या बाजूला दृश्य, उजव्या बाजूला संवाद. संवादाच्या मधे कंसात ‘थांबून’, ‘मान न वळवता’ अशा सूचना. एखादी ओळ शाईनं खोडलेली, वर पेन्सिलीनं दुसऱ्याच हाताचं अक्षर. समासात सहायकानं टाकलेले शॉटचे नंबर. टाचणीनं गंज धरलेला आणि कोपऱ्यात तपकिरी डाग. या खाडाखोडीत एक विनोद कसा घडला याचा सगळा इतिहास असतो, आणि तो चित्रपट पन्नास वेळा पाहूनही कळत नाही.

कोल्हापूर आपल्या वास्तूंसाठी लढतं, याचा मला अभिमान आहे. १९४८मध्ये गांधीहत्येनंतरच्या जाळपोळीत भालजी पेंढारकरांचा जयप्रभा स्टुडिओ जळाला आणि भालजींनी तो पुन्हा उभा केला. त्याच जयप्रभासाठी २०२२मध्ये कलावंत, तंत्रज्ञ आणि साधे प्रेक्षक रस्त्यावर आले. ८ ऑगस्ट २०२४च्या रात्री केशवराव भोसले नाट्यगृह जळालं. शाहू महाराजांनी १९१५मध्ये बांधलेलं ते नाट्यगृह डोळ्यांदेखत कोसळताना हजारो माणसं रडली आणि दुसऱ्याच दिवसापासून ते जसं होतं तसं बांधायचं म्हणून गाव कामाला लागलं. ती तारीख शंकर पाटलांच्या जन्माची होती. योगायोग आहे, पण मला तो विसरता येत नाही.

कागद जळतो तेव्हा मात्र ज्वाळा दिसत नाहीत. बंब येत नाही. घर पाडताना, वाटण्या होताना, २००५, २०१९ आणि २०२१च्या महापुरासारखं पाणी घरात शिरल्यावर तो गुपचूप जातो. पूर ओसरला की भिजलेल्या गाद्या आणि भिजलेली बाडं एकाच ट्रॉलीत पडतात. त्या वेळी घरच्यांना दोष देण्यात अर्थ नसतो, चिखल काढायचा की अक्षर वाचत बसायचं? म्हणूनच हे काम पुराच्या आधी, कोरड्या दिवसांत करायचं आहे.

आपण काय गमावून बसलो आहोत हे विसरू नये. बाबूराव पेंटरांनी याच शहरात स्वतःचा कॅमेरा घडवला, १९२५मध्ये ‘सावकारी पाश’ काढला. भारतीय वास्तवपटाचा तो आरंभ मानला जातो, आणि तो मूकपट आज पाहायला मिळत नाही. २००३च्या जानेवारीत पुण्यात जुन्या प्रभात स्टुडिओच्या आवारात नायट्रेट फिल्मच्या कोठाराला आग लागली आणि पहिल्या पिढीचं कितीतरी काम तिथं संपलं. साठ-सत्तरच्या दशकातली रिळं पेटत नाहीत, ती आंबतात. अ‍ॅसिटेट फिल्मला ओल आणि उष्णता लागली की डब्यातून व्हिनेगरसारखा वास येऊ लागतो, फिल्म आक्रसते, वळते. रंगीत प्रिंट लालसर पडत जाते. आपल्या दमट पावसाळ्यात हे फार झपाट्यानं होतं.

लोकांनी मनावर घेतलं तर काय होतं, याचं एक उदाहरण फ्रान्सचं आहे. जाँ-क्लोद कॅरिएर हे नाव आपल्याकडं पीटर ब्रुकच्या ‘महाभारत’ नाटकाचे लेखक म्हणून माहीत आहे. पण साठच्या दशकात पिएर एते या विदूषक-दिग्दर्शकाबरोबर त्यांनी ‘योयो’सारखे नितांतसुंदर विनोदी चित्रपट लिहिले होते. ‘योयो’ १९६५चा. हक्कांच्या कज्जात ते चित्रपट असे अडकले की वर्षानुवर्षं कुणालाच दाखवता येईनात. विनोदी लेखक म्हणून कॅरिएर जवळजवळ पुसले गेले. २००९मध्ये सह्यांची मोहीम निघाली, पन्नास हजारांहून अधिक लोकांनी सह्या केल्या, कज्जा सुटला, प्रती दुरुस्त झाल्या आणि २०१०मध्ये ते चित्रपट पुन्हा थिएटरात लागले. म्हाताऱ्या एतेंनी आपले चित्रपट बघून नव्या पोरांना हसताना पाहिलं. सह्या करणाऱ्यांत मोठमोठे दिग्दर्शक होते, पण आकडा भरला तो साध्या प्रेक्षकांनी.

आपल्याकडं तर शंकर पाटलांच्या बरोबरीनं उभ्या असलेल्या दोघांचंही सिनेमासाठीचं लेखन असंच विसरलं गेलं आहे. कथाकथनाच्या त्या त्रिकुटातल्या प्रत्येकानं सिनेमाला लिहिलं. १९५९मध्ये आलेला आणि पुण्याच्या विजयानंदला १३१ आठवडे चाललेला ‘सांगत्ये ऐका’ व्यंकटेश माडगूळकरांच्या लेखणीचा. १९८२चा ‘एक डाव भुताचा’ मिरासदारांचा. सुरुवात पाटलांपासून केली तर उरलेले दोघे आपोआप हाताला लागतील.

आता प्रत्यक्ष काय करायचं ते सांगतो, कारण नुसत्या हळहळीनं एक पानही वाचणार नाही.

ज्यांच्या घरी कागद आहेत त्यांनी ते कोरड्या जागी, जमिनीपासून उंच ठेवावेत. फाटलेल्या पानाला सेलोटेप लावू नका, काही वर्षांनी तीच चिकटपट्टी अक्षर खाते. लॅमिनेशन तर मुळीच नको. गंजलेल्या टाचण्या सावकाश काढा. पानं भिजलेली असतील तर उन्हात न टाकता सावलीत, पंख्याखाली, मधे कोरे कागद घालून सुकवा. मग मोबाइलनं एकेका पानाचा फोटो काढा, दोन्ही बाजूंचा, मुखपृष्ठासकट, समासातल्या हिशेबासकट. ‘हे काय कामाचं’ म्हणून काहीही वगळू नका. गाण्यांची चोपडी, पोस्टर, करारपत्र, निर्मात्याचं पोस्टकार्ड, सगळं घ्या. कागद द्यायची इच्छा नसेल तर देऊ नका, फोटोच द्या. जतन करणं वेगळं आणि छापणं वेगळं. लेखकाच्या निधनानंतर ६० वर्षं त्याच्या लेखनाचा हक्क वारसांकडं असतो, तो हक्क पाळूनच पुढचं काय ते करायचं आहे.

रिळांचा डबा सापडला तर तो उघडून ओढाताण करू नका, ओल्या फडक्यानं पुसू नका, जुन्या प्रोजेक्टरवर तर चढवूच नका. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला कळवा. १९६४पासून ते याच कामासाठी आहे आणि तिथं संहिता, पुस्तिका, पोस्टर हेही जपलं जातं. सेन्सॉरकडं चित्रपट जाताना संवादांची लेखी प्रत जोडावी लागते. पाटलांच्या प्रत्येक चित्रपटाची ती प्रत मागवून घेण्याचा पाठपुरावा अखिल भारतीय मराठी चित्रपट महामंडळानं करावा, ही माझी आग्रहाची मागणी आहे. महामंडळाचं घर कोल्हापूर आहे. हे काम त्यांच्या अंगणातलं आहे.

शिवाजी विद्यापीठाकडं माझं मागणं मोठं आहे. विद्यापीठानं वि. स. खांडेकरांचं स्मृतिसंग्रहालय उभं केलं, तिथं गेलं की एक लेखक कसा जगला हे कळतं. खांडेकरही हंस पिक्चर्सचे लेखक होते. त्याच आवारात, त्याच मायेनं, कोल्हापूरच्या पटकथाकारांचं दालन व्हावं आणि त्याचा पहिला कप्पा शंकर पाटलांचा असावा. एम. ए. मराठीच्या मुलांना कथेवर प्रबंध लिहायला लावतो, तसा संवादांवरही लिहायला लावावा. कथा आणि तिच्यावरून झालेली पटकथा शेजारी शेजारी ठेवून वाचली तर लेखनाचं जे शिक्षण होईल ते कुठल्याही कार्यशाळेत होणार नाही. विद्यापीठाला वेळ लागणार असेल तर तोवर करवीर नगर वाचन मंदिरानं एक कपाट द्यावं. १८५०पासून या गावाची पुस्तकं सांभाळणाऱ्या संस्थेला एका कपाटाचं ओझं होणार नाही.

कागदाइतकीच निकड माणसांची आहे. त्या काळी सेटवर लाइट धरणारे, नटांना संवाद वाचून दाखवणारे, लेखकाला बसस्टँडवरून आणायला जाणारे लोक आज पंचाहत्तरी-ऐंशीच्या घरात आहेत. शंकर पाटील सेटवर कुठं बसत, ऐनवेळी ओळ बदलत का, नटानं भर घातली तर हसत की चिडत, हे त्यांनाच सांगता येईल. कलामहर्षी बाबूराव पेंटर फिल्म सोसायटीच्या आणि कॉलेजच्या पोरांनो, तुमच्या खिशात रेकॉर्डर आहे. एखाद्या रविवारी अशा आजोबांकडं चहाला जा. प्रश्न थोडे विचारा, बोलू जास्त द्या, आणि त्यांची बोली ‘शुद्ध’ करून लिहू नका. या माणसांच्या बाबतीत पुढचा महिना फार लांब असतो.

आणि ८ ऑगस्टला त्यांच्या चित्रपटांतले प्रसंग मोठ्यानं वाचू या. दसरा चौकातल्या शाहू स्मारक भवनात करता येईल, पट्टणकोडोलीच्या देवळासमोर करता येईल. ज्या माणसानं अर्धा महाराष्ट्र नुसता ऐकवून हसवला, त्याच्या पटकथेचं पान हातात धरून चार नटांनी वाचावं. प्रेक्षकांत बसलेल्या एखाद्या बाईला आठवेल की आपल्या सासऱ्यांकडं असलंच काहीतरी बाड होतं.

ट्रंकेत काहीच मिळालं नाही, तरी कळवा. तुमचे चुलते कुठल्या सिनेमाला होते, काय काम करत, कुठल्या स्टुडिओत, कुणाबरोबर, एवढं वहीच्या एका पानावर लिहून जवळच्या वाचनालयात द्या, खाली तुमचं गाव लिहा. पटकथा कुणाच्या हातून कुणाच्या हातात गेली याचा माग अशाच नावांवरून लागतो. रद्दीवाल्यांनाही सांगून ठेवा: डाव्या बाजूला दृश्य आणि उजव्या बाजूला संवाद असं हातानं लिहिलेलं बाड आलं, तर त्याचे रद्दीपेक्षा चार पैसे जास्त मिळतील. ते पैसे द्यायला गावोगाव दोन-दोन माणसं उभी करू या. पट्टणकोडोलीपासून सुरुवात होऊ दे.